गुरुवारचा ठिपका

‘फोन हॅक झालाय’ म्हणत दुकानात येणाऱ्यांपैकी बहुतेकांचा फोन हॅक झालेला नसतो. कुणाच्या घरच्यांना पॅटर्न माहीत असतो, कुणाचं जीमेल पोराच्या टॅबवर उघडं राहिलेलं असतं, कुणी कर्ज देणाऱ्या ॲपला मागेल ती परवानगी देऊन बसलेलं असतं. साताऱ्यात मोबाईल दुरुस्तीचं दुकान चालवायचं म्हणजे हे सगळं ऐकून घेणं आलंच. पण त्या दिवशी दुपारी आलेला माणूस हॅकचं नावही काढेना. त्यानं फोन काउंटरवर ठेवला आणि विचारलं, “दादा, फ्लाइट मोड बिघडू शकतो का?”

हा एमआर, म्हणजे औषध कंपनीचा प्रतिनिधी. जुनं गिऱ्हाईक. आधीच्या फोनचा कॉम्बो, म्हणजे काच आणि डिस्प्ले, मीच बदलून दिला होता. भर पावसाळ्यात पॉलिश केलेले बूट आणि खांद्याला सॅम्पलची जड बॅग. एरवी गप्पिष्ट असलेला हा गडी आज दारातच अवघडून उभा होता. दुकानात शिकायला असलेल्या पोराला मी चहा सांगायला पाठवलं.

“नेट बंद करतो, वायफाय बंद, ब्लूटूथ बंद, वर फ्लाइट मोड. तरी आमच्या साहेबांना मी कुठं होतो ते कळतं.”

त्यानं व्हॉट्सॲपवर आलेला स्क्रीनशॉट दाखवला. साताऱ्याचा नकाशा, त्यावर निळी रेघ, आणि एका इमारतीवर ठिपक्यांचा झुबका. एरिया मॅनेजरनं त्याला लाल गोल करून पाठवला होता. खाली एवढंच विचारलेलं, की हा कॉल डीसीआरमध्ये का नाही?

कॉल म्हणजे डॉक्टरची भेट, डीसीआर म्हणजे रोजच्या भेटींचा अहवाल. पूर्वी एमआर लोक रात्री घरी बसून तो भरायचे, आता कंपनीचं ॲप भरून घेतं. डॉक्टरच्या दवाखान्याचं जिओटॅगिंग झालेलं असतं, म्हणजे नकाशावर त्याच्याभोवती वर्तुळ आखलेलं असतं. त्या वर्तुळात फोन असल्याशिवाय ‘कॉल’ नोंदवताच येत नाही. त्याच ॲपवरून प्रवासभत्त्याचे किलोमीटर मोजले जातात, म्हणून ते दिवसभर मागं चालू राहिलं पाहिजे असा कंपनीचा नियम. आणि फोन कुणाचा? याचा स्वतःचा, हप्त्यावर घेतलेला.

मी विचारलं, “मग त्या इमारतीत कुणाकडं जातोस?” पोरगा चहा ठेवून मागं जाईपर्यंत तो बोलला नाही.

मार्च एंडिंगनंतर त्याची झोप गेली होती. घाटात गाडी चालवताना हात थरथरायचे. बायकोनंच धरून मानसोपचारतज्ज्ञाकडं नेलं. ते डॉक्टर बाहेरगावचे, दर गुरुवारी दुपारी त्या इमारतीत येऊन बसतात. आत शिरायच्या आधी हा आठवणीनं फ्लाइट मोड टाकायचा आणि बाहेर आला की काढायचा. त्या इमारतीत एक लॅब आहे, दातांचा दवाखाना आहे, खाली दोन ऑफिसं. जीपीएसला मजला कळत नाही, तेव्हा नुसत्या नकाशावरून कुणालाही काही समजलं नसतं. पण एरिया मॅनेजर हा स्वतः बॅग वाहून वर गेलेला माणूस. कुणाची ओपीडी कुठल्या वारी, किती ते किती, हे त्याला पाठ. त्यानं फोन केला तेव्हा हा गडबडून “दाताचं दुखणं” म्हणाला. पलीकडून उत्तर आलं, “ते डॉक्टर गुरुवारी बसतच नाहीत.” आणि मग, फार मायेनं म्हणे, “तब्येत वगैरे ठीक आहे ना तुझी?”

हे सांगताना तो मायेनं या शब्दावर थोडा हसला. मला मात्र ते ऐकून अंगावर काटा आला. मॅनेजर वाईट माणूस असेल असं नाही. पण माझ्या आजाराची बातमी माझ्याआधी साहेबांना माझ्याच फोननं द्यावी, हे काही मला पटेना.

फ्लाइट मोड बिघडलेला नाही, तो त्याचं काम नीट करतोय, हे त्याला तोंडी सांगून पटलं नसतं. म्हणून म्हटलं चल, करूनच बघू. सिमचा ट्रे पिनेनं बाहेर काढला, सिम त्याच्या हातात दिलं. फ्लाइट मोड टाकला. वायफाय आणि ब्लूटूथ बंद आहेत हे त्यालाच तपासायला लावलं. ॲप उघडून आजची रेघ कुठं संपतेय ते बघितलं आणि फोन माझ्या रेनकोटच्या आतल्या खिशात टाकला. दुकान पोरावर सोडून निघालो, तो मागं बसला. पोवई नाका, राजवाडा, समर्थ मंदिर, तिथून बोगदा. बोगद्यापलीकडं सज्जनगडाच्या वाटेला एका टपरीवर भिजत चहा घेतला आणि त्याच रस्त्यानं परत. वाटेत फोनला कुणी हात लावला नाही.

परत आल्यावर आधी सिम घातलं नाही. सेटिंगमध्ये जाऊन प्रायव्हसी डॅशबोर्ड उघडला. अँड्रॉइड १२ पासून ही सोय आहे. गेल्या चोवीस तासांत कॅमेरा, माईक, लोकेशन कुणी कधी वापरलं याचा हिशेब तिथं दिसतो. आम्ही बाहेर होतो त्या सगळ्या वेळात कंपनीच्या ॲपनं लोकेशन घेतलेलं होतं. तो बघत राहिला. “अहो पण, रेंजच नव्हती ना फोनला!”

इथंच बहुतेकांची गल्लत होते. जीपीएसचे उपग्रह साधारण वीस हजार दोनशे किलोमीटर उंचीवरून फिरतात आणि आपली वेळ नि जागा सतत प्रसारित करत असतात. फोन ते फक्त ऐकतो. चार उपग्रह नीट ऐकू आले की स्वतःची जागा स्वतःच मांडतो. आपण रेडिओ लावला म्हणून आकाशवाणीला आपलं घर कळत नाही, तसं उपग्रहालाही आपण कुठं आहोत ते कळत नसतं. फ्लाइट मोड बंद करतो ते फोनचं बोलणं. ऐकणं चालूच राहतं, आणि ऐकलेलं लिहून ठेवणंही. ॲपनं सगळी रेघ फोनच्याच पोटात लिहून ठेवली होती.

मग सिम घातलं, फ्लाइट मोड काढला. ॲपच्या कोपऱ्यात ‘पेंडिंग’ म्हणून एक आकडा असतो, तो पाहता पाहता शून्यावर आला आणि नकाशावर आमची फेरी उमटली. सुरुवातीचा तुकडा नव्हता. नेटची मदत नसली की फोनला प्रत्येक उपग्रहाचा ठावठिकाणा उपग्रहाकडूनच ऐकावा लागतो आणि तो संदेश अर्ध्या अर्ध्या मिनिटानं फिरून येतो, त्यात माझं दुकान पत्र्याखाली. पण राजवाड्यापासून पुढं रेघ स्वच्छ. बोगद्यात ठिपके विस्कटलेले, पलीकडं पुन्हा जुळलेले. टपरीपाशी ‘हॉल्ट’ अशी खूण आणि चहाला लागलेली मिनिटंसुद्धा.

“आता हे साहेबांना दिसलं?” 

“दिसलं असणार. सांग, पावसात गाडी बंद पडली.”

तो हसला, पण लगेच दुसरा प्रश्न. “मग लोकेशनच बंद केलं तर?” तेही करून पाहिलं. लोकेशनचं बटण बंद करताच ॲपनं तांबडी पट्टी दाखवली आणि बंद केल्याची वेळ टिपून घेतली. म्हणजे रेघेऐवजी आता भोक दिसणार, तेही दर गुरुवारी, त्याच वेळेला. ज्या मॅनेजरला ओपीडीचं वेळापत्रक पाठ आहे त्याला भोकातूनही तेवढंच दिसतं जेवढं ठिपक्यातून दिसायचं. मला त्या दिवशी सगळ्यात जास्त खटकलं ते हे. बटणं सगळी आपल्या हातात आहेत, पण कुठलं बटण कधी दाबलं त्याचीसुद्धा नोंद दुसऱ्याच्या वहीत.

मागून पोरगा म्हणाला, “दादा, म्हणून मी आयफोन घेतला.” त्याचा सेकंडहँड आयफोन हा आमच्या दुकानातला रोजचा विनोद. त्याला म्हटलं, कंट्रोल सेंटरमधून वायफाय बंद केलंस तर ते चालू नेटवर्क सोडतं एवढंच. रेडिओ चालूच राहतो आणि पहाटे पाच वाजता वायफाय आपणहून परत जोडायला लागतं. हे ॲपलनंच लिहून ठेवलंय. पूर्ण बंद करायचं तर सेटिंगमध्ये जावं लागतं. आणि आयओएस १५ पासून आयफोन ११ आणि त्यापुढचे बहुतेक फोन स्विच ऑफ केले तरी ‘फाइंड माय’ या फोन शोधायच्या सोयीत सापडू शकतात. चोरीला गेलेल्या फोनसाठी उत्तम सोय, लपू पाहणाऱ्या माणसासाठी नाही. अँड्रॉइडवाल्यांनीही फार हुरळून जायचं कारण नाही. वायफायचं बटण बंद असलं तरी ‘वायफाय स्कॅनिंग’ नावाची वेगळी सोय चालू राहू शकते आणि ती आजूबाजूच्या राउटरवरून जागा ओळखते. नोव्हेंबर २०१७ मध्ये तर ‘क्वार्ट्झ’ या बातम्यांच्या वेबसाइटनं बातमी दिली होती की लोकेशन बंद आणि फोनमध्ये सिम नसतानाही अँड्रॉइड फोन जवळच्या टॉवरचे पत्ते गूगलला कळवत होते. त्या वर्षाच्या सुरुवातीपासून हे चाललं होतं. गूगलनं ते मान्य केलं आणि थांबवतो म्हणून सांगितलं.

एमआरला या इतिहासात रस नव्हता. त्याला गुरुवार हवा होता.

त्याच्या मित्रांनी सुचवलेला उपाय मला ठाऊक होताच, फेक जीपीएस, म्हणजे खोटी जागा दाखवणारं ॲप. दर महिन्याला कुणी ना कुणी एमआर ते टाकून घ्यायला येतो. मी टाकून देत नाही, यात माझा मोठेपणा काही नाही. अँड्रॉइड स्वतःच ॲपला सांगतं की ही जागा बनावट आहे, आणि नोकरीवर गदा आली की बोट दुकानाकडं. लोकेशन ‘अलाऊ ऑल द टाइम’वरून ‘ओन्ली व्हाइल यूजिंग’वर आणणं हा सरळ मार्ग. मी तो करून दाखवला. ॲपनं लगेच कॉल नोंदवायचं पान अडवून धरलं. ढोबळ लोकेशन द्यायची सोय आहे, पण तेही ॲपला चालेना. नेमकंच पाहिजे. गूगलनं फोनमालकाला दिलेली सगळी कुलपं जागेवर होती, फक्त ती लावली की पगार थांबणार होता. कंपनीनं ॲप वर्क प्रोफाइलमध्ये, म्हणजे फोनमधल्या कामाच्या वेगळ्या कप्प्यात, दिलं असतं तर कामाबाहेरच्या वेळेत सगळं प्रोफाइल एका बटणानं झोपवता आलं असतं. ते दिलं नव्हतं, आणि ते काही माझ्या दुकानातून देता येत नाही.

संध्याकाळी एक वकीलसाहेब त्यांचा चार्जिंग न होणारा फोन न्यायला आले. एमआर गेला होता. मी नाव-गाव न सांगता विचारलं. ते म्हणाले, ८ जुलै २०२४ ला सुप्रीम कोर्टाचा निकाल आलाय, फ्रँक व्हायटस या ड्रग्जच्या केसमधल्या आरोपीच्या प्रकरणात. न्यायमूर्ती अभय ओक आणि उज्जल भुयान यांचं खंडपीठ. जामिनावर सुटलेल्या आरोपीनं गूगल मॅपवर पिन टाकून आपली जागा तपास अधिकाऱ्याला दिसेल अशी ठेवावी, ही अट कोर्टानं रद्द केली. पोलिसांना आरोपीच्या खासगी आयुष्यात सतत डोकावता येईल अशी अट घालता येत नाही, असं म्हणत.

“म्हणजे ड्रग्जच्या केसमधल्या आरोपीला जे सांगता येत नाही ते टॉनिकच्या बाटल्या विकणाऱ्याला सांगता येतं?”

“तुलना करू नका,” त्यांनी लगेच टोकलं. “ती जामिनाची अट होती, ही नोकरीची. २०२३ च्या डेटा कायद्यात नोकरीच्या कारणासाठी मालकाला सूट ठेवलीय. ती किती ताणायची, यावर भांडता येईल.” मग जरा थांबून म्हणाले, “२०१७ चा मानसिक आरोग्य कायदा बघा, कलम २३. उपचाराची गुप्तता हा रुग्णाचा हक्क, आणि ती राखायचं बंधन डॉक्टरवर, नर्सवर, उपचार करणाऱ्या सगळ्यांवर.” तेच बंधन खिशातल्या फोनवर आहे का, हे मी विचारलं नाही. दुरुस्तीचे पैसे देऊन ते गेले.

दोन दिवसांनी एमआर पुन्हा आला. बायकोशी बोलून त्यानं ठरवलं होतं. कंपनीला त्यानं दर गुरुवारी दुपारनंतर अर्ध्या दिवसाच्या रजेचा अर्ज टाकला, कारण ‘वैयक्तिक’. रजा कापली जाणार होती, कापू दे म्हणाला. आणि माझ्याकडून एक सेकंडहँड फोन घेतला, फक्त कंपनीच्या ॲपसाठी. आपल्या फोनमधून ते ॲप त्यानं माझ्यासमोर काढून टाकलं. गुरुवारी अर्धी रजा लागली की तो दुसरा फोन स्विच ऑफ करून घरातल्या कपाटात. भोक दिसेलच, पण आता ते मंजूर रजेचं भोक. मॅनेजरला जे कळायचं ते कळून चुकलंय, त्याला इलाज नाही. पुढं मुलाची शाळा, सासऱ्यांचं ऑपरेशन, रविवारचा सिनेमा, हे तरी त्या नकाशावर जाणार नाही.

त्याच्याकडून ऐकून आणखी काहीजण आले. आता मी तसे फोन वेगळे काढून ठेवतो. अडचण एकच. त्यांना साडेतीन हजारांच्या आतला फोन हवा असतो आणि कंपन्यांची नवी ॲपं इतक्या जुन्या अँड्रॉइडवर चालत नाहीत. काल एकाकडून बॅटरी फुगलेला फोन परत घेऊन दुसरा दिला. त्याचा माईक गेलाय, म्हटलं तरी तो घेऊन गेला. “बोलायचंय कुणाला यावरून,” म्हणाला.