घरातली कॅमेरा-डायरी, सहावा आठवडा: पट्टे, शिट्टी आणि सरकणारा आवाज

सेटअप तोच: फोन, छोटा ट्रायपॉड, वेगळा रेकॉर्डर, कॉलर माइक. फ्रेमही तीच, स्वयंपाकघराच्या दारातून ओटा आणि खिडकी.

आधी ट्यूबलाइट. आपली वीज ५० हर्ट्झची, म्हणजे जुन्या चोकची ट्यूब सेकंदाला १०० वेळा लुकलुकते. फोनला ऑटोवर मोकळं सोडलं की शटर, म्हणजे प्रत्येक फ्रेम किती वेळ उजेड घेते तो वेग, मनाला येईल तो निवडला जातो आणि भिंतीवरून काळपट पट्टे सरकायला लागतात. एडिटला ते धड निघत नाहीत. म्हणून सेकंदाला २५ फ्रेम्स आणि शटर १/५० सेकंद, दोन्ही लॉक. ब्लॅकमॅजिक कॅमेरा हे ॲप फुकट आहे, त्यात हे जमतं. व्हाइट बॅलन्सही (पांढरा रंग कसा दिसावा ते सेटिंग) लॉक करा, नाहीतर कुणी फ्रीज उघडला की भिंतीचा रंग बदलतो.

शटर लॉक झाला की ऊन आल्यावर खिडकी पांढरी फटक पडते. बहुतेक फोनना ॲपर्चर, म्हणजे लेन्सचं उजेड आत घेणारं भोक, बदलता येत नाही. एनडी८ फिल्टर, म्हणजे लेन्सपुढची काळपट काच, उजेड तीन स्टॉप, म्हणजे तीनदा निम्मा करत आठव्या हिश्शावर आणतो: जिथे १/४०० लागला असता तिथे १/५० चालतो. फिल्टर नसेल तर १/१०० ठेवा. पट्टे येत नाहीत, फक्त हात हलताना जरा तुटक दिसतात. काही स्वस्त एलईडी बल्ब हे सगळं करूनही छळतात. तिथे बल्ब बदलणे हाच उपाय.

आता कुकर. बोलणं उणे १२ डेसिबलच्या आसपास बसवलं तरी शिट्टी थेट शून्यावर, म्हणजे रेकॉर्डरच्या कमाल मर्यादेवर, जाऊन फाटते, आणि फाटलेला आवाज शिवता येत नाही. रेकॉर्डरला दुसरा, कमी पातळीचा सेफ्टी ट्रॅक असेल तर तो मुख्य ट्रॅकपेक्षा १२ डेसिबल खाली चालू ठेवा. शिट्टीपुरता तुकडा तिथून उचलायचा. पंख्याचं वेगळंच: इलेक्ट्रॉनिक रेग्युलेटर दोन-तीनवर असला की मोटर घूं करते, पाचवर ती घरघर बरीच कमी होते. त्यामुळे पंखा एकतर पाचवर, नाहीतर बंद. शेवटी कुणी न बोलता ३० सेकंद खोलीचा नुसता आवाज घ्या, कट सांधायला तोच कामी येतो.

ओठ आणि आवाज जुळत नसतील तर दोन वेगळे दोष तपासा. फोनच्या साध्या कॅमेऱ्याचा फ्रेम रेट बऱ्याचदा वरखाली होतो. ती फाइल आधी हँडब्रेक या व्हिडिओ बदलणाऱ्या सॉफ्टवेअरमधून 'कॉन्स्टंट फ्रेमरेट' करून काढा, मगच टाइमलाइनवर टाका. दुसरं, फोन आणि रेकॉर्डर यांची घड्याळं वेगळी. दोघांत दहा लाखांत २० भागांचा फरक धरला तरी तासाभरात ७२ मिलिसेकंद, म्हणजे जवळजवळ दोन फ्रेम्स. सुरुवातीला टाळी सगळेच वाजवतात. शेवटचीही वाजवा, म्हणजे किती ताणायचं ते कळतं.

ट्रायपॉड ओट्यावर नको. मिक्सर लागला की चित्र जेलीसारखं थरथरतं. स्टूल वेगळं घ्या.

लांब शॉटचा मोह आवरत नसेल तर जुना बोलेक्स, म्हणजे चावीचा फिल्म कॅमेरा, आठवा. चावी पूर्ण भरली तरी २४ फ्रेम्सवर तो अर्ध्या मिनिटाच्या आतच थांबायचा. चहा उतू जायला तेवढा वेळ पुरतो.

राहिलेलं काम: फ्रीजवर चिकटवलेली बिलं फ्रेममध्ये वाचता येतात, ती काढणे. आणि कामाला येणाऱ्या मावशींना रोज नव्याने विचारणे. एकदा दिलेला होकार महिनाभर धरायचा नाही.