मल्टिप्लेन नोंद ६: धुकं उतरलं, हेजहॉगचा पाय मात्र कागदाबरोबर वर येतोय

अखेर धुकं उतरलं! 'हेजहॉग इन द फॉग' या अ‍ॅनिमेशनपटातलं (१९७५), आकृती हळूहळू गिळत जाणारं ते पांढरं धुकं माझ्या मल्टिप्लेन स्टँडवर (एकावर एक काचांचे थर, त्यांवर कागदी तुकड्यांची चित्रं, वरून खाली पाहणारा कॅमेरा) ओळखू येईल इतकं जमलं. त्याचे दिग्दर्शक युरी नोर्श्तेइन यांची रीत ऐकायला सोपी आहे: दृश्यावर अगदी पातळ कागद ठेवायचा आणि फ्रेमगणिक तो कॅमेऱ्याकडे उचलत न्यायचा. कागद टेकलेला असतो तोवर आकृती दिसते, अंतर पडलं की रेषा विरघळतात.

मागच्या चाचण्या फसल्या त्या झोळामुळे. ४५ सेंमी रुंदीच्या ट्रेसिंग पेपरला मधोमध ३ मिमी झोळ होता. कडा धूसर व्हायच्या आणि नेमकं हेजहॉगच्या अंगावर स्वच्छ भोक राहायचं. आता ४० जीएसएमचा (दर चौरस मीटरला ४० ग्रॅम वजनाचा) कागद ओल्या स्पंजनं हलकेच पुसून लाकडी चौकटीवर खळीनं चिकटवला. वाळताना तो डफासारखा ताणला जातो. ९० जीएसएम घेऊ नका, टेकलेला असतानाच चित्र मळकट दिसतं. काचही साधी नको. तीन थरांनंतर हिरवी झाक येते, 'एक्स्ट्रा क्लिअर' मागा.

उचलायला चार कोपऱ्यांत एम-८चे थ्रेडेड रॉड (८ मिमी जाडीचे, आटे पाडलेले गज) आहेत, एका फेऱ्याला कागद १.२५ मिमी वर जातो. पूर्ण फेऱ्यांनी सुरुवात केली तर धुकं एकदम झेपावतं, कारण बहुतेक बारकावे पहिल्या काही मिलिमीटरांतच पुसले जातात. म्हणून ५ मिमीपर्यंत पाव फेरा (१६ टप्पे), पुढे ४० मिमीपर्यंत पूर्ण फेरे (२८ टप्पे). ४४ टप्पे, प्रत्येकी दोन फ्रेम: सेकंदाला २४ फ्रेमच्या गतीनं साधारण ३.७ सेकंद. चौकटीला चारही बाजूंनी काळ्या कापडाची झालर हवीच, नाहीतर कागद वर जाताना बाजूचा उजेड आत शिरतो आणि हेजहॉग पुसट होण्याऐवजी उजळतो.

आता खरं दुखणं. ताणलेला कोरडा कागद स्थिर विजेनं भारला जातो. नोर्श्तेइन यांच्या पद्धतीत पात्राच्या सांध्यांना खिळ्या नसतात, सुटे तुकडे चिमट्यानं सरकवायचे असतात. पहिल्याच पाव फेऱ्याला हेजहॉगचा मागचा पाय कागदाला चिकटून वर आला. कागद दमट ठेवला की पाय जागेवर राहतो, पण झोळ परत येतो. तुकड्यांखाली मेणाचा पातळ थर लावून पाहिला. पाय थांबला, पण दर वेळी सोडवताना कडा दुमडते.

नोर्श्तेइन यांच्या मॉस्कोतल्या स्टँडवर काचा २५–३० सेंमी अंतरानं होत्या, एकूण खोली सुमारे मीटरभर. काम करणारी माणसं मोजकी: चित्रं फ्रान्चेस्का यार्बुसोव्हा यांची, 'हेजहॉग'चा कॅमेरा अलेक्सांद्र झुकोव्स्की यांचा. २९ मिनिटांचा 'टेल ऑफ टेल्स' (१९७९) हा त्यांचा पुढचा चित्रपटही मोजक्याच माणसांत झाला. १९८१ला गोगोलच्या कथेवरचा 'ओव्हरकोट' सुरू झाला आणि १९८५ला, काम फार संथ चाललंय म्हणून, सोयुझमुल्तफिल्म या सोव्हिएत अ‍ॅनिमेशन स्टुडिओनं नोर्श्तेइन यांना काढून टाकलं. तोवर चित्रपटाची दहा मिनिटं तयार झाली होती, म्हणजे २४च्या गतीनं १४,४०० फ्रेम. एका पायासाठी अख्खी संध्याकाळ जाते तिथे हा आकडा संथ वाटत नाही. त्यांना काढणं हा अन्यायच होता. पुढे त्यांनी स्वतःच्या छोट्या स्टुडिओत तोच चित्रपट चालू ठेवला.

हे लिहितानाच सुचलं: कागद उचलायचाच कशाला? ४० मिमीवरून सुरू करून तो खाली आणायचा आणि फ्रेमा उलट्या क्रमानं लावायच्या. आकृतीला कागद टेकेल तो शेवटच्या टप्प्यात, त्यानंतर पाय उचलला गेला तरी चित्रीकरण संपलेलं असेल. अडचण एकच: हेजहॉग चालत असेल तर त्याची पावलंही उलटी टाकावी लागतील. म्हणून मेणाचा नाद तूर्त सोडून आधी उभ्या हेजहॉगवर ४४ टप्पे उलटे. चालता हेजहॉग पुढच्या नोंदीत.