कार्सन डायोरामा (छोट्या आकृत्यांचा देखावा), नोंद ४ : झेंडा झाला, कोट राहिलाय

प्रसंग तोच : २८ सप्टेंबर १९१२, बेलफास्टचा सिटी हॉल, आयर्लंडच्या होमरूलविरोधी 'अल्स्टर कव्हनंट' या प्रतिज्ञापत्रावर विरोधकांचा पुढारी एडवर्ड कार्सनची पहिली सही. अल्स्टर म्हणजे आयर्लंडचा उत्तरेकडचा प्रांत. (होमरूल म्हणजे स्वराज्य, टिळकांनी १९१६ मध्ये उचलला तोच शब्द.) स्केल १:३२.

सही झाली त्या गोल टेबलावर ब्रिटिश झेंडा अंथरलेला होता. टिश्यू पेपर पातळ फेविकॉलमध्ये भिजवून वरून सोडला, घड्या झकास पडल्या. रंग मात्र दोनदा खरवडला. युनियन जॅकमधले तिरके लाल पट्टे पांढऱ्याच्या मधोमध नसतात, एका अंगाला सरकलेले असतात. मी ते मधोमध ओढून मोकळा! आणि तो तिरका लाल म्हणजे आयर्लंड, १८०१ मध्ये झेंड्यात आलेलं. ज्यासाठी हा माणूस जन्मभर भांडला, नेमकं तेच चुकवलं.

आता चेहरा. तयार डोक्यावर पुट्टी चढवून जबडा पुढे काढला, ओठांचे कोपरे खाली ओढले. आधी विजयी मुद्रा केली होती, ती पटेना. कार्सन अल्स्टरचा नव्हेच. जन्म १८५४चा, डब्लिनमधला. तिथल्याच ट्रिनिटी कॉलेजात शिकला, १८९२ पासून खासदारही डब्लिन विद्यापीठाचा. लेखक ऑस्कर वाइल्डची उलटतपासणी घेणारा बॅरिस्टर तो हाच. त्याला अख्खं आयर्लंड ब्रिटनसोबत हवं होतं, अल्स्टरचा विरोध हे त्याच्या मते होमरूल अडवायचं हत्यार. ब्रिटनसोबत राहिल्या त्या उत्तरेकडच्या ६ काउंटी (जिल्हे) तेवढ्या. १९२१च्या डिसेंबरात ब्रिटिश संसदेच्या लॉर्ड्स सभागृहात तो हुजूर पक्षावर असा उखडला, की आपण मूर्ख ठरलो, नुसतं बाहुलं होतो, हे स्वतःच बोलून गेला. १९१२ मध्ये हे कुठून कळणार, हे मान्य. पण तेव्हाही तब्येतीची कायम कुरकुर करणारा, आंबट चेहऱ्याचाच होता. म्हणून भुवयांखाली तपकिरी वॉश (पातळ रंगाचा हात) दिला, डोळे थकलेले दिसायला लागले.

चांदीचं पेन तांब्याच्या तारेचं केलं. चिमट्यातून उडालं, फरशीवर अजून सापडलेलं नाही. दुसरं करतोय.

मागे त्याचा साथीदार, धिप्पाड जेम्स क्रेग उभा केलाय, बाकी गर्दी सुचवायची. पुरुषांच्या एकूण २,३७,३६८ सह्या झाल्या, बायकांच्या वेगळ्या जाहीरनाम्यावर २,३४,०४६. माझ्याकडे आकृत्या नऊ.

काळ्या फ्रॉककोटला हायलाइट निळसर करडा द्यावा की तपकिरी? शुद्ध काळा लावून पाहिला, कोट डांबरात बुडवल्यासारखा दिसतोय.