दळण

सोमवार, रात्री साडेदहा

आज आत्यांबरोबर सहा घरी हळदीकुंकवाला जाऊन आले. रथसप्तमी परवावर आलीय, सगळ्यांची उरकायची घाई. पायांचे तुकडे पडलेत, पण हे लिहिल्याशिवाय झोप लागायची नाही.

दिवाळीनंतर महिला सभेत मी बोलले होते. गावातलं दारूचं दुकान बंद करण्याबाबतचा २००८ चा आदेश काय सांगतो, पंचवीस टक्के बायकांनी मागणी केली की गुप्त मतदान कसं लागतं, सगळं वाचून गेले होते. बायकांनी ऐकून घेतलं आणि पदर सावरत उठल्या. सह्या कशाबशा जमल्या, पडताळणीही झाली. आता खरी कसोटी. यादीत आम्ही ६१२ जणी. त्यातल्या ३०७ जणींनी आडव्या बाटलीवर शिक्का मारला तरच देशीचं दुकान बंद होणार. आलेल्यांतल्या निम्म्या नव्हे, यादीतल्या निम्म्याहून जास्त. म्हणजे जी घरी बसली ती उभ्या बाटलीच्याच पारड्यात.

चौथ्या घरी वाण घेता घेता त्या माउलीनं सांगून टाकलं, "आमच्या ह्यांना इचारून सांगते."

मतदान गुप्त असतं, हे माझ्या अगदी ओठावर आलं होतं. आत्यांनी हात दाबला.

"थोरली यंदा धाव्वीला न्हवं?"

"व्हय."

"क्लास कवा सुटतो?"

"सातला." डब्यातल्या तिळाच्या वड्या ती उगाच सारख्या करत राहिली. "स्टँडवरनं एकटी न्हाई येत. दुकानाम्होरनं यावं लागतं. मीच जाते आणायला."

आत्या पुढं काहीच बोलल्या नाहीत. कुंकू लावून घेतलं, उंबऱ्याशी थांबल्या. "मतदानादिवशी नऊला तुझ्या ओट्यावर येऊन बसते. मिळून जाऊ."

"या," ती म्हणाली. विचारायचं राहूनच गेलं.

वाटेत मी म्हटलं, बाटलीचं नाव तरी काढायचं. आत्या म्हणाल्या, "दुकान कुठं हाय ते तिला ठावं न्हाई व्हय?"

तेव्हापासून माझे शब्द आठवतेय. व्यसनमुक्ती, निर्मूलन, सक्षमीकरण. बॅनरवरचे शब्द. गिरणीवर दळणाला थांबलेली बाई यातला एकही उच्चारत नाही. नवऱ्याच्या दिवसाच्या मजुरीबद्दल ती म्हणते, "आज हजेरी तिथंच ठिवून आलं." एवढ्यात सगळं येतं, दुखणंही आणि हिशोबही.

दुकानाच्या बाजूनेही पारावर बोललं जातंय. बंद केलं तर चोरून येईल, विषारी येईल. मुंबईत मालवणीला २०१५ साली शंभरावर माणसं गेली, ते टीव्हीवर सगळ्यांनी पाहिलंय. पाचव्या घरी एकीनं हीच भीती काढली. मी खोडायला गेले असते. आत्या म्हणाल्या, "भ्या खरं हाय तुझं. बंद झाल्यावर नजर आपल्यालाच ठेवाय लागंल, तू ठेवशील का?" ती बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "वरल्या आळीवर मी ठेवीन." मला हे कधीच सुचलं नसतं.

यादीवर पेन्सिलीनं खुणा केल्या. १८४ झाल्या. मतदान नऊ दिवसांवर आलंय.

उद्या सकाळी गिरणीवर जाणार. पीठ अजून चार दिवसांचं आहे घरात, तरी आत्यांनी पायली ज्वारी निवडून ठेवलीय.