बिछायतवाला गेल्यानंतर

पुण्याला नोकरीसाठी निघताना मुलाने मला सांगितले होते, “बाबा, सगळे गेम काढून टाकले, आता कॉम्प्युटर तुमचा.” हिशेबनिसाच्या नोकरीत आयुष्य घालवलेल्या माणसाने कोणाच्याही तोंडी हिशेबावर विसंबू नये हे ठाऊक असूनही मी त्यावर विसंबलो. दोन महिन्यांनी, तान्ह्या पोळ्याच्या सुट्टीच्या दिवशी, आमच्या सोसायटीचा ताळेबंद करायला बसलो, तेव्हा सी ड्राइव्हची पट्टी लाल झालेली दिसली. दहा टक्क्यांहून कमी जागा उरली की ती पट्टी निळ्याची लाल होते. एकूण २३८ जीबी आणि शिल्लक ९ जीबी, असा जमाखर्च समोर होता. त्या संगणकावर माझे म्हणावे असे काही असेल तर सोसायटीच्या पावत्या आणि वीजबिलांच्या प्रती, आणि त्या साऱ्या मिळून एका सिनेमाएवढ्याही भरत नाहीत.

ही डिस्क २५६ जीबीची म्हणून विकत घेतली होती. बाकीचे १८ जीबी कोणी खाल्ले, याचा शोध मी २०१९ सालीच लावला होता, कारण दहावीच्या निकालाचे बक्षीस म्हणून घेतलेल्या त्या संगणकाचे बिल मी ओळ न् ओळ तपासले होते. तयार करणारे हजारांच्या पटीत मोजतात आणि विंडोज १०२४ च्या पटीत मोजते, त्यामुळे माल तेवढाच असूनही आकडा लहान दिसतो. म्हणजे तो घोटाळा नव्हता, मापांचा फरक होता. त्याच बिलात ग्राफिक्स कार्ड नावाची एक भारी रक्कमही होती आणि ती अभ्यासाला लागते असे मला सांगण्यात आले होते. त्या नोंदीची तपासणी मात्र मी केली नाही.

गेम खरोखरच काढलेले होते. यादीत एकाचेही नाव नव्हते. मग जागा कोणी अडवली होती, हे समजायला मला आमच्याकडच्या बिछायत केंद्राची आठवण उपयोगी पडली. लग्नघरी बिछायतवाला येतो, खुर्च्या, सतरंज्या, गंज, पराती मोजून उतरवतो आणि कार्य आटोपल्यावर तीच यादी हातात घेऊन आपले सामान मोजून परत नेतो. त्याची एक परातही मागे राहत नाही. पण मांडवात पडलेले हार, पाहुण्यांच्या विसरलेल्या पिशव्या, कोणीतरी हौसेने लावलेल्या झिरमिळ्या यांना तो हात लावत नाही, कारण त्या त्याच्या यादीत नसतात. संगणकावरून एखादा प्रोग्रॅम काढणारी व्यवस्था बहुतेक वेळा अशीच वागते. बसवताना ज्या फायली आणल्या त्यांची नोंद तिच्याजवळ असते आणि काढताना ती तेवढ्याच उचलते. खेळ सुरू झाल्यानंतर जे जे निर्माण झाले, म्हणजे खेळणाऱ्याने जपलेले टप्पे, त्याने बदललेल्या सेटिंग, पडद्यावरची दृश्ये झटपट उमटावीत म्हणून साठवलेले शेडर, बिघाडांच्या नोंदी, ते सारे मागे राहते. थोडक्यात, मागे उरते ते खेळाचे नसून खेळणाऱ्याचे असते, आणि त्या दिवशी मी मुलाचाच पसारा आवरायला बसलो होतो.

त्याला फोन लावून मी वाट विचारली. विंडोज आणि आर ही दोन बटणे एकत्र दाबून उघडणाऱ्या चौकटीत टक्क्यांच्या दोन चिन्हांच्या मध्ये ‘ॲपडेटा’ असे लिहायचे, हे त्याने सांगितले. प्रोग्रॅमांचे असे मागे उरणारे सामान ज्यात साठते तो हा फोल्डर एरवी डोळ्यांना दिसत नाही. तो लपवलेलाच असतो. शिवाय ही वाट थेट आत न नेता ‘रोमिंग’ नावाच्या खोलीत नेऊन सोडते आणि एक पायरी मागे आल्यावर ‘लोकल’ आणि ‘लोकललो’ या आणखी दोन खोल्या दिसतात. कार्यालयांतल्या जाळ्यावर वापरणारा एका यंत्रावरून दुसऱ्या यंत्रावर गेला तर त्याच्यामागे जावे असे सामान रोमिंगमध्ये, त्याच यंत्रापुरते सामान लोकलमध्ये आणि कमी विश्वासाच्या प्रोग्रॅमांचे लिखाण लोकललोमध्ये, अशी मूळची वाटणी आहे. प्रत्यक्षात खेळ करणाऱ्या कंपन्या ज्याला जिथे सुचेल तिथे सामान ठेवतात. काही खेळ डॉक्युमेंट्समध्ये जातात, काही ‘माय गेम्स’मध्ये आणि काही ‘सेव्ह्ड गेम्स’ या, मुद्दाम त्यासाठीच असलेल्या पण फारसे कोणी न वापरलेल्या, फोल्डरमध्ये. नागपूरच्या महाल भागातल्या आमच्या जुन्या घरात लोणच्याची बरणी जशी कधी कोठीत, कधी माळ्यावर आणि कधी पलंगाखाली सापडत असे, तसाच हा प्रकार होता.

लोकलमध्येच ‘व्हर्च्युअलस्टोअर’ नावाचे एक कोनाडे सापडले. जुने खेळ आपल्याच फोल्डरात जपलेले टप्पे लिहून ठेवत असत. २००७ साली आलेल्या विंडोजच्या व्हिस्टा या आवृत्तीपासून, प्रोग्रॅम जिथे बसवले जातात त्या ‘प्रोग्रॅम फाइल्स’ फोल्डरमध्ये परवानगीवाचून लिहिण्याला मज्जाव झाला, आणि जुन्या प्रोग्रॅमांना ते कळू न देता त्यांचे लिखाण या कोनाड्यात वळवले जाऊ लागले. प्रोग्रॅमला वाटते आपण आपल्याच घरात लिहिले, आणि कागद असतो शेजारच्याकडे. काढून टाकताना तो कागद कोणाच्याच लक्षात येत नाही. आमच्या कोनाड्यात मुलाने कधीतरी हौसेने चालवून पाहिलेल्या एका जुन्या खेळाचे अवशेष होते आणि तो खेळ मी ओळखला, कारण लग्नाआधी सीताबर्डीवरच्या एका सायबर कॅफेत तासाचे पैसे मोजून मी तो खेळलेला होतो. आमचा तेव्हाचा एकही टप्पा कुठे उरलेला नाही. आपण उठलो की पुढचा पोरगा त्याच खुर्चीत बसे, आपल्या टप्प्यावर स्वतःचा टप्पा लिही आणि दुसऱ्या दिवशी आपण पुन्हा पहिल्यापासून सुरू करत असू. मागे काही न ठेवण्याचा तो उत्तम बंदोबस्त होता.

खरी जागा मात्र या कोनाड्यांनी अडवलेली नव्हती. ती दोन ठिकाणी सापडली. पहिले ठिकाण व्हिडिओजमधील ‘कॅप्चर्स’ हे होते. विंडोजच्या गेम बारने खेळ सुरू असताना केलेले चित्रण तिथे जमा होते आणि प्रत्येक फाइलच्या नावात खेळाचे नाव, तारीख आणि वेळ आपोआप लिहिलेली असते. अशा चित्रणांचे तिथे ३१ जीबी साचले होते. त्यांपैकी दोन मी पाहिली. दोन्हींत एक मोटार पुलावरून खाली पडत होती आणि पार्श्वभूमीला माझा मुलगा ज्या प्रकारे हसत होता, तसे हसणे त्याने बारावीच्या वर्षात आमच्यासमोर केल्याचे मला आठवत नाही.

दुसरे ठिकाण जीटीए ५, म्हणजे ‘ग्रँड थेफ्ट ऑटो ५’ या, अमेरिकी शहरात मोटारी पळवण्याच्या खेळाचे. हा खेळ संगणकासाठी २०१५ च्या एप्रिलमध्ये आला आणि २०२० च्या मे महिन्यात एपिक गेम्स स्टोअरवर तो आठवडाभर फुकट मिळत होता. टाळेबंदी, नागपूरचा ४५ अंशांच्या पुढचा मे महिना आणि फुकटचा खेळ असा तो त्रिवेणी संगम होता. सत्तर जीबीहून मोठा तो माल उतरवून घ्यायला आमच्या इंटरनेटला तीन रात्री लागल्या. कूलर आणि संगणकाचा पंखा यांची त्या रात्री आवाजाची स्पर्धा चालली होती आणि मी कूलरलाच दोष देत होतो. खेळ आता गेलेला होता, पण त्याच्या जागी ‘मॉड्स’ हा फोल्डर तसाच पडून होता आणि त्यात २२ जीबी होते. खेळात आपले बदल घालणारे लोक मूळच्या मोठमोठ्या फायलींची एक प्रत वेगळ्या फोल्डरात करतात आणि बदल त्या प्रतीत करतात, म्हणजे मूळ माल शाबूत राहतो. त्यामुळे हा फोल्डर फुगत जातो आणि तो खेळणाऱ्याने स्वतः केलेला असल्यामुळे बिछायतवाल्याच्या यादीत नसतो. आतल्या नावांवरून कळले की अमेरिकी शहराच्या त्या रस्त्यांवर आमच्या चिरंजीवांनी मारुती ८००, ॲम्बॅसिडर आणि ऑटो रिक्षा उतरवली होती.

हे दोन्ही फोल्डर काढताना विंडोजने मला थांबवले. रिसायकल बिनमध्ये मावणार नाहीत इतके ते मोठे आहेत, ते कायमचेच जातील, चालेल काय, असा त्याचा प्रश्न होता. मी पुन्हा मुलाला विचारले.

“काढा नं बाबा,” तो म्हणाला, “कोण पाहते ते आता.”

मी होकाराचे बटण दाबले. हसणेही त्याबरोबर गेले, हे मला नंतर सुचले.

एका चुकीची कबुली इथे दिली पाहिजे. प्रोग्रॅमांच्या यादीत ‘व्हिज्युअल सी प्लस प्लस’ या नावाच्या दहा-बारा नोंदी होत्या. त्यांत २००८, २०१०, २०१२, २०१३ अशी साले लिहिलेली. ताळेबंदात एकच नोंद दहा वेळा दिसली की हिशेबनिसाचा हात शिवशिवतो. ते खेळांबरोबर आलेले सामान आहे एवढे वाचून मी २०१० च्या नोंदी उडवल्या. थोड्या वेळाने सोसायटीच्या हिशेबाचा प्रोग्रॅम उघडायला गेलो तर ‘एमएसव्हीसीआर१००’ नावाची फाइल सापडत नाही, असे उत्तर मिळाले. ते सामान खेळाने आणले होते हे खरे, पण शेजारीपाजारीही त्यावरच स्वयंपाक करत होते. पुन्हा आणून बसवावे लागले. रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या सेटिंगांच्या नोंदवहीत, मात्र मी शिरलो नाही. तिथे उरलेल्या नोंदी काही केबींच्या असतात, त्या काढून जागा मिळत नाही आणि चुकीची नोंद निघाली तर यंत्रच रुसून बसते.

त्यानंतर उरले ते जपलेले टप्पे. जीटीए ५ च्या प्रोफाइल फोल्डरात ‘एसजीटीए५’ने सुरू होणाऱ्या फायलींची रांग होती आणि प्रत्येकीसमोर ती शेवटची लिहिली गेल्याची तारीख आणि वेळ. पहाटे ३.१२. पहाटे २.४०. पहाटे ४.०५, आणि तारीख बारावीच्या वर्षातली. २०२१ मध्ये राज्यातली बारावीची परीक्षाच रद्द झाली, त्यामुळे या पुराव्याचा मला तेव्हाही उपयोग झाला नसता. आता तर मुदतही उलटून गेली आहे. ‘रात्री उशिरापर्यंत गणित करतो बिचारा’ असे त्याच्या आईने त्या दिवसांत किती नातेवाइकांना सांगितले होते, हे आठवून मी एकटाच हसलो आणि त्या साऱ्या फायली बिनमध्ये टाकल्या.

शेवटी रोमिंगमध्ये सुरुवातीलाच एक टिंब असलेला ‘.माइनक्राफ्ट’ हा, ठोकळ्यांनी जग रचण्याच्या खेळाचा, फोल्डर लागला. तोही खेळ गेला होता, फोल्डर राहिला होता आणि त्याच्या आत ‘सेव्ह्ज’मध्ये प्रत्येक जगाचा एकेक फोल्डर होता. त्यांतल्या एकाचे नाव होते ‘आजीचे घर’.

महालातले आमचे घर २०१८ साली पाडले गेले आणि तिथे आता चार मजली इमारत उभी आहे. त्या घराच्या गॅलरीतून आम्ही दर वर्षी तान्ह्या पोळ्याच्या दिवशी मारबत, म्हणजे मिरवत नेला जाणारा मोठा पुतळा, पाहत असू. काळी आणि पिवळी अशा दोन्ही मारबतींची मिरवणूक नागपुरात १८८० च्या दशकापासून निघते आणि रोगराई, ईडापीडा ‘घेऊन जा गे मारबत’ अशा आरोळ्या देत लोक तिच्यामागे जातात. मुलाने हे घर ठोकळ्यांनी पुन्हा बांधले असेल, याची मला कल्पनाही नव्हती. खेळ नसल्यामुळे ते उघडता येत नव्हते. तरी त्या फोल्डरात ‘आयकॉन’ नावाचे एक चित्र असते, ६४ बाय ६४ ठिपक्यांचे, टपाल तिकिटाएवढे. मी ते जमेल तितके मोठे करून पाहिले. त्यात गवत होते, वरती आकाश होते आणि उजवीकडे अर्धे झाड होते. घर नव्हते.

“ते चित्र एकदाच, अगदी सुरुवातीलाच निघते,” मुलाने फोनवर सांगितले. “जग नवीन असते तेव्हा. तोपर्यंत मी काहीच बांधले नव्हते. घर आत आहे.”

“मला नुसता प्लॉट दिसतो आहे रे.”

“जिना मात्र चुकला होता, बाबा. आठवतच नव्हते तो कोणत्या बाजूने वळायचा.”

डावीकडून, मी सांगितले. त्याच्या आईने आतून ओरडून सांगितले, उजवीकडून. तो मुद्दा अजून निकालात निघालेला नाही. तो फोल्डर मी आहे तिथेच राहू दिला.

पट्टी निळी झाली होती. शिल्लक ६० जीबीच्या पुढे गेली होती. मोठे सामान कायमचे गेले होते आणि बिनमध्ये फक्त बारीकसारीक उरले होते: शेडर, नोंदी आणि पहाटे तीनच्या त्या फायली. जागा कमी पडू लागली की बिनमधले सामान ३० दिवसांनी आपोआप काढणारी एक सोय विंडोजमध्ये आहे आणि आमच्याकडे ती सुरू होती. तिथे एक दिवस, १४, ३०, ६० आणि ‘कधीच नाही’ असे पर्याय असतात. मारबती तर मिरवणूक संपली की त्याच दिवशी जाळतात. मी ‘कधीच नाही’ निवडले आणि ताळेबंद उघडला.