माझा अनुभव : मावेजा आणि सातबाऱ्यावरून गळालेली विहीर

मराठवाड्यातल्या मोसंबीच्या पट्ट्यात आमची शेती आहे. गावाजवळ होणाऱ्या साठवण तलावाच्या बुडीत क्षेत्रात तिचा मोठा भाग गेला आणि त्याचा मावेजा, म्हणजे भरपाई, मिळायची होती. अधिसूचना, संयुक्त मोजणी, नोटिसा हे सारे टप्पे रीतसर पार पडले. प्रक्रिया अडली ती एका विहिरीपाशी, आणि तो सगळा काळ आठवला की अजूनही डोके तापते.

आधी हिशेब सांगतो, म्हणजे एका विहिरीसाठी एवढा आटापिटा का केला ते कळेल. 2013 च्या भूसंपादन कायद्याच्या कलम 26 नुसार मुद्रांक शुल्काच्या मूल्य दर तक्त्यातील (रेडी रेकनरमधील) दर आणि जवळपासच्या तशाच जमिनींच्या मागील तीन वर्षांतील खरेदीखतांवरून निघणारी सरासरी, यांपैकी जी रक्कम अधिक असेल ती बाजारमूल्य म्हणून धरतात. ही सरासरी सर्व खरेदीखतांची नसते. त्यांपैकी जास्त किमतीची निम्मी खरेदीखतेच तिच्यासाठी घेतात. आमच्या संपादनात ग्रामीण क्षेत्र म्हणून बाजारमूल्याला 2 हा गुणक लागला. त्यात झाडे, विहीर, पाइपलाइन यांचे मूल्य मिळवतात आणि येणाऱ्या एकूण रकमेवर 100 टक्के दिलासा रक्कम देतात. म्हणजे मूळ दर हेक्टरी 10 लाख धरला, तर केवळ जमिनीचेच 40 लाख होतात. बाजारमूल्यावर वर्षाला 12 टक्क्यांप्रमाणे मिळणारी रक्कम याशिवाय असते. मूळ दरात एक रुपया कमी पडला, की शेतकऱ्याच्या हातात चार रुपये कमी येतात, आणि तो मूळ दर जमीन जिरायत की बागायत यावर अवलंबून असतो. जिरायतीच्या दीडपट हंगामी बागायत आणि दुप्पट बारमाही बागायत धरण्याची रीत आमच्याकडे रूढ आहे.

आमची विहीर आजोबांच्या वेळची. 2012 च्या दुष्काळात आजूबाजूच्या मोसंबीच्या बागा जळाल्या, तेव्हा हिच्या तळाच्या पाण्याला टँकरची जोड देऊन वडिलांनी आमची बाग जगवली होती. संयुक्त मोजणी पत्रकात विहीर होती, झाडांची संख्याही होती. परंतु संगणकीकृत सातबाऱ्याच्या गाव नमुना 12 मध्ये जलसिंचनाच्या साधनाचा रकाना कोरा होता. हस्तलिखित सातबाऱ्यावरील नोंद संगणकावर चढवताना गळाली होती. भूसंपादन शाखेचे म्हणणे असे, की सातबाऱ्यावर विहीर नसेल तर जमीन जिरायतच धरावी लागेल. महसूल कार्यालयातील कारकून म्हणत, की मोजणीत विहीर आली आहे, मग दुरुस्तीची घाई कशाला? दोन्ही टेबले एकाच इमारतीत होती, आणि एकाचे म्हणणे दुसऱ्याला लेखी कळवायला मात्र कोणीच तयार नव्हते.

महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम 155 खाली लेखनप्रमादाची, म्हणजे लिहिताना झालेल्या चुकीची, दुरुस्ती तहसीलदारांच्या आदेशाने होते. अभिलेख कक्षातून जुन्या सातबाऱ्याच्या प्रमाणित नकला काढून मी अर्ज दिला. तलाठी आप्पांनी अहवाल लगेच पाठवला, मंडळ अधिकाऱ्यांची सहीही झाली, आणि तेथून पुढे संचिका हललीच नाही. साहेब दौऱ्यावर आहेत, निवडणुकीचे काम आहे, संचिका वर आहे, अशी उत्तरे आळीपाळीने मिळत राहिली. ‘वर’ म्हणजे नेमके कोठे, हे विचारले की कारकून पंख्याकडे पाहत असे. भूसंपादन कायद्याच्या कलम 19 ची अधिघोषणा प्रसिद्ध झाल्यापासून 12 महिन्यांत निवाडा, म्हणजे मावेजा ठरवणारा आदेश, व्हावा लागतो, त्यामुळे भूसंपादन शाखा घाईत होती आणि तिच्या घाईत आमची बाग कायमची जिरायत ठरण्याची धास्ती होती.

अखेर माहितीच्या अधिकारात दोनच गोष्टी विचारल्या : संचिका आज कोणाच्या टेबलावर आहे, आणि ती कोणत्या कारणाने प्रलंबित आहे. उत्तर आले, की स्थळ पंचनामा जोडलेला नाही. एवढ्याशा कागदासाठी आम्हाला झुलवले होते, आणि तो कागद हवा आहे हे तोवर एकानेही सांगितले नव्हते. पंचनामा एका दुपारी झाला. पंचांनी विहिरीत डोकावून पाहिले, पाणी आहे असे लिहिले आणि सह्या केल्या. त्यानंतर आदेश निघाला, फेरफार झाला आणि नवा सातबारा हाती आला तेव्हा वडिलांनी तो दोनदा वाचून घेतला.

कृषिपंपाची जुनी वीजबिले जपून ठेवावीत. बाग पाण्याखाली होती हे दाखवायला आम्हाला ती फार उपयोगी पडली. कलम 21 च्या नोटिशीनंतरच्या सुनावणीत तोंडी बोलून थांबू नये; मागणी आकड्यांसह लेखी द्यावी आणि पोच घ्यावी. थेट खरेदीला संमती दिल्यास 2015 च्या शासन निर्णयानुसार 25 टक्के अधिक मिळतात. गावातील काहींनी तो मार्ग घेतला आणि पैसे आमच्या आधी घरात आणले, पण वाढीव मावेज्यासाठी दाद मागण्याची वाट त्यांनी सोडून दिली. मला ते पटले नाही.

निवाड्यात आमच्या क्षेत्राचा काही भाग बारमाही आणि उरलेला हंगामी बागायत धरला गेला. विहीर एकच, पाणी तेच, तरी बांधाच्या अलीकडे बारमाही आणि पलीकडे हंगामी. रक्कम आम्ही हक्क राखून, तसे लेखी नोंदवून स्वीकारली. निषेध न नोंदवता पैसे उचलले तर पुढे वाढीव मावेज्यासाठी कलम 64 चा अर्ज करता येत नाही. निवाड्याच्या वेळी हजर असल्यास या अर्जाची मुदत केवळ सहा आठवड्यांची असते. आम्ही हजर होतो, त्यामुळे दुय्यम निबंधकांकडून खरेदीखतांच्या नकला मिळवून अर्ज मुदतीत दाखल केला.

या मावेज्यावर कलम 96 नुसार आयकर लागत नाही, हे बँकेतही सांगावे लागले.

आता अर्ज न केलेले शेजारी विचारतात, की तुमचे वाढले तर आमचेही वाढेल काय. त्यांची जमीन त्याच प्रारंभिक अधिसूचनेत असेल, तर आमच्या अर्जावर निर्णय देणाऱ्या भूसंपादन प्राधिकरणाच्या निर्णयाच्या तारखेपासून तीन महिन्यांत कलम 73 खाली त्यांना जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज करता येईल. ती तारीख मी त्यांना कळवणार आहे. अर्ज मात्र ज्याचा त्याने करायचा आहे.