उभ्यानं रायफल धरायला शिकताना

कॉलेजात एनसीसीत असताना मी पॉइंट टूटू (.२२ बोअरची) रायफल चालवली होती, पण झोपून. पालथं पडायचं, दोन्ही कोपरं जमिनीत रोवायची, बट, म्हणजे रायफलीचा मागचा भाग, खांद्यात घट्ट दाबायचा आणि नेम धरायचा. २०२४ मध्ये पॅरिसला आमच्या कोल्हापूर जिल्ह्याच्या स्वप्नील कुसाळेनं ५० मीटर थ्री पोझिशनमध्ये कांस्यपदक घेतलं, ती फायनल मी डोळ्यांत तेल घालून पाहिली. त्यात गुडघ्यावरची आणि झोपून मारायची पोझिशन आधी होते, उभ्याची शेवटी, आणि उभ्यानं मारतानाच एकेक नेमबाज बाद होत जातो. मला तेच शिकायचं होतं. म्हणून १० मीटर एअर रायफलच्या वर्गाला जायला लागले.

रायफल साडेपाच किलोपर्यंतची असते. उभ्या पोझिशनमध्ये पट्टा वापरायला परवानगी नाही. समोर ४५.५ मिलिमीटरचं टार्गेट आणि त्यात दहा गुणांचा ठिपका अवघा अर्धा मिलिमीटर. एवढं वजन हातांच्या ताकदीवर पेलायचं म्हटलं तर स्पर्धेतल्या साठ शॉटपर्यंत कुणीच टिकणार नाही. सरांनी सुरुवातीलाच सांगितलं, “ताई, वजन हाडांवर घ्यायचं. स्नायू लागले की हात थरथरणारच.”

मी उजव्या हाताची. डावी बाजू टार्गेटकडे, दोन पावलांत साधारण खांद्यांइतकं अंतर, गुडघे सरळ पण ताठ आवळलेले नाहीत. कंबरेची डावी बाजू टार्गेटच्या दिशेनं थोडी पुढे काढायची आणि रायफलीचं वजन तोलायला धड किंचित मागे न्यायचं. डावं कोपर कंबरेच्या हाडावर टेकतं, त्यावर हात उभा, मनगट सरळ, मुठीवर रायफल. म्हणजे रायफलीचं वजन हातातून कंबरेत आणि डाव्या पायातून थेट जमिनीत उतरतं. ज्यांचा हात आखूड असतो ते कोपर बरगडीला टेकवतात. पहिले काही आठवडे कंबर भरून यायची. जाड, ताठ जॅकेट पाठीला आधार देतं, पण स्पर्धेत त्याची जाडी मोजतात, हवं तेवढं जाड चालत नाही. पाठीचे आणि पोटाचे व्यायाम मी तेव्हापासून कधी चुकवले नाहीत.

सगळ्यात जास्त वेळ गेला तो खांद्याला. झोपून मारताना बट खांद्याच्या खोलगट भागात दाबायची सवय होती. उभ्यानं तो थोडा बाहेर, खांद्याच्या सांध्याजवळ बसतो, आणि दाबायचा नाही, नुसता टेकवायचा. एअर रायफलीला धक्का जवळपास नसतोच, मग जोर कशासाठी लावायचा? बट नेमका कुठे बसतो हे मात्र प्रत्येक शॉटला तेच हवं. तो थोडा खाली-वर झाला, किंवा त्याच्याखाली जॅकेटची घडी आली, तरी शॉट सरकतो. म्हणून दर वेळी आधी बट, मग गाल, मग नेम धरायची साईट हा क्रम मी पक्का केला.

गालाचंही तसंच. “डोकं रायफलीकडं न्यायचं नाही, रायफल डोक्याकडं आणायची,” हे सरांचं वाक्य मी वहीत लिहून ठेवलंय. मान वाकली की डोळ्याच्या कोपऱ्यातून बघावं लागतं आणि शरीराचा तोलही बिघडतो. माझी मान वाकत होती, तेव्हा सरांनी बटप्लेट, म्हणजे बटाची खांद्याला टेकणारी पट्टी, खाली सरकवली. त्यानं रायफल वर आली आणि मान आपोआप सरळ झाली. कुणाच्या रायफलीवर शिकत असाल तर ही जुळणी आधी करून घ्या, एरवी शरीर वाकड्या पोझिशनलाच सरावतं.

मग दिशा. पोझिशन घ्यायची, डोळे मिटायचे, दोन श्वास सोडायचे आणि डोळे उघडायचे. साईट टार्गेटच्या डावी-उजवीकडे गेलेली दिसली तर हातानं ढकलायचं नाही, पाऊल सरकवायचं. हातानं आणलेली रायफल ट्रिगर दाबताना स्नायू सैल झाले की स्वतःच्या जागी परत जाते, आणि छरा तिकडेच लागतो. हे कळल्यावर माझा ग्रुप, म्हणजे टार्गेटवरच्या छऱ्यांच्या खुणांचा पसारा, पहिल्यांदा खरोखर लहान झाला.

घरी कोऱ्या भिंतीसमोर रिकाम्या रायफलीनं ड्राय फायरिंग, म्हणजे छरा न भरता ट्रिगर दाबायचा सराव, करते. अर्धा श्वास सोडून थांबायचं, आणि आठ-दहा सेकंदांत शॉट सुटला नाही तर रायफल खाली घ्यायची. खाली घ्यायचा हा निर्णय मला अजूनही सगळ्यात अवघड जातो, कारण नेम जवळ आलेला असतो. पण डोळा थकलेला असतो आणि श्वासही संपत आलेला असतो. आता बटप्लेटची खूण आणि पावलांचं अंतर वहीत आहे, रेंजवर गेल्यावर ते जुळवायचं आणि मगच पहिला छरा भरायचा.